एक्केचाळिसाव्या वर्षी पदार्पण

मुलांनो, हा लेख वाचायला घेण्याआधी एक काम करा. तुमच्या बाबांना त्यांचं वय विचारा. बहुतेकांचे बाबा पस्तीस ते पंचेचाळीसच्या दरम्यान असतील. आता कल्पना करा, की उद्या सकाळी कुणीतरी फोन करून तुमच्या बाबांना सांगितलं, "किट भरा आणि जयपूरला या. तुम्हाला आयपीएलमध्ये खेळायचंय!" हसलात ना? माझ्या वर्गातली मुलंही अशीच हसली होती. एकाने तर सांगितलं, "सर, माझे बाबा जिना चढले तरी धापा टाकतात!"

पण ही गोष्ट खरोखर घडली आहे बरं का. एका मराठी माणसाच्या बाबतीत घडली आहे. त्याचं नाव प्रवीण विजय तांबे. वयाने मोठ्या माणसाला खरं तर 'अहो-जाहो' करायला हवं. पण मैदानावरच्या खेळाडूला आपण सगळेच 'अरे-तुरे' करतो, तेव्हा मीही तसंच करणार आहे.

पंचवटी एक्स्प्रेसने आपण नाशिकहून मुंबईला जातो, तेव्हा ठाणं मागे पडलं की लगेच मुलुंड येतं. गाडी तिथे थांबत नाही, त्यामुळे आपलं लक्षही जात नाही. प्रवीण तांबे या मुलुंडचा. ८ ऑक्टोबर १९७१ हा त्याचा जन्मदिवस. ही तारीख नीट लक्षात ठेवा. सचिन तेंडुलकरचा जन्म २४ एप्रिल १९७३ चा. म्हणजे प्रवीण सचिनपेक्षा दीड वर्षाने मोठा! नोव्हेंबर १९८९ मध्ये सोळा वर्षांचा सचिन कराचीत पहिली कसोटी खेळायला उतरला, तेव्हा प्रवीण नुकताच अठरा वर्षांचा झाला होता. त्याच मुंबईत, तसाच चेंडू हातात घेऊन तोही खेळत होता. पण एकाचं नाव जगाला कळलं आणि दुसऱ्याचं नाव त्याच्या संघाबाहेर फारसं कुणाला ठाऊक नव्हतं. पुढची तेवीस वर्षं ते तसंच राहिलं.

या तेवीस वर्षांत प्रवीण करत काय होता? तो क्रिकेट खेळत होता. कुठे? तर क्लबांच्या आणि कंपन्यांच्या सामन्यांत. मुंबईचं हे क्रिकेट टीव्हीवर दिसत नाही, म्हणून त्याच्याबद्दल थोडं सविस्तर सांगतो.

मुंबईत कांगा लीग नावाची एक स्पर्धा आहे. डॉ. होरमसजी कांगा यांच्या स्मरणार्थ ती १९४८ साली सुरू झाली. तिची गंमत म्हणजे ती भर पावसाळ्यात खेळतात! एरवी पाऊस आला की क्रिकेट बंद. इथे मात्र पाऊस पडणार हे धरूनच खेळायचं. खेळपट्टी झाकायची नाही. गवत वाढलेलं, माती ओली, चेंडू कधी बुडुक्कन खाली बसतो, तर कधी हनुवटीपर्यंत उसळतो. फलंदाजाने जोरात फटका मारला तरी चेंडू गवतात अडकून दहा पावलांवर थांबतो. एकाच मैदानावर शेजारी-शेजारी अनेक सामने चालू असतात, त्यामुळे एका सामन्यातला क्षेत्ररक्षक दुसऱ्या सामन्यातल्या पंचाच्या पाठीला पाठ लावून उभा दिसतो. संघांच्या 'ए'पासून 'जी'पर्यंत श्रेण्या असतात. शाळेतली मुलं आणि पन्नाशीचे काका एकाच संघातून खेळतात.

दुसरी स्पर्धा टाइम्स शील्ड. ही कार्यालयांची. बँका, रेल्वे, गिरण्या, मोठमोठ्या कंपन्या यांचे संघ त्यात उतरतात. पूर्वी चांगला खेळाडू दिसला की कंपनी त्याला नोकरी द्यायची. सकाळी हजेरी लावायची, दुपारी सरावाला जायचं आणि सामना असला की कंपनीसाठी खेळायचं. मुंबईतल्या कितीतरी क्रिकेटपटूंची घरं या पगारावर चालली. पुढे पुढे बऱ्याच कंपन्यांनी हे संघ गुंडाळले, आणि मग खेळाडूंनाही दुसरी दारं शोधावी लागली.

प्रवीण असाच ओरिएंट शिपिंग या कंपनीच्या संघात होता. तेव्हा तो मध्यमगती गोलंदाज होता. धावत यायचं आणि चेंडू टाकायचा. पण संघाच्या कर्णधाराला फिरकी गोलंदाज हवा होता. त्याने प्रवीणला लेगस्पिन टाकून बघायला सांगितलं. प्रवीणने टाकून बघितली, आणि मग तो लेगस्पिनरच झाला.

हे वाक्य लिहायला सोपं आहे. करायला किती अवघड आहे, ते बघा. हातात एक चेंडू घ्या. नसेल तर मोसंबं चालेल (आईला विचारून!). लेगस्पिनर चेंडू फिरवतो तो मनगटाने आणि अनामिकेने, म्हणजे करंगळीशेजारच्या बोटाने. जेवताना, लिहिताना ज्या बोटाला आपण फारसं कामच देत नाही, त्या बोटावर सगळी मदार! उजव्या हाताच्या फलंदाजासाठी हा चेंडू पायाकडून बाहेरच्या बाजूला वळतो. आणि गुगली म्हणजे काय? हात तसाच फिरतो, पण मनगट आणखी वळवून चेंडू हाताच्या मागच्या बाजूने सोडायचा. मग तो उलट, आतल्या बाजूला वळतो. फलंदाजाला वाटतं डावीकडे जाईल, तो जातो उजवीकडे. हे सगळं करून चेंडू पडला पाहिजे नेमक्या जागी. वीतभर आखूड पडला की षटकार. म्हणूनच लेगस्पिन ही कला हाताला बसायला वर्षानुवर्षं लागतात आणि बरेच जण मध्येच सोडून देतात. प्रवीणने वर्षांचा हिशेब केला नाही. त्याच्याकडे वर्षं होतीच, कारण मुंबईच्या रणजी संघाचं दार काही उघडत नव्हतं.

रणजी करंडक म्हणजे राज्या-राज्यांची आणि मोठ्या शहरांच्या संघांची स्पर्धा, हे तुम्हाला माहीत आहेच. आपल्या गोल्फ क्लब मैदानावर, म्हणजे अनंत कान्हेरे मैदानावर महाराष्ट्राचे रणजी सामने झाले आहेत, आणि नाशिकचा डावखुरा फिरकी गोलंदाज सत्यजित बच्छाव महाराष्ट्राकडून रणजी खेळला आहे. मुंबईचा संघ हा या स्पर्धेतला सगळ्यांत जास्त वेळा जिंकलेला संघ. तिथे एका जागेसाठी किती जण रांगेत असतील, विचार करा. प्रवीण पंचवीसचा झाला, तिशीचा झाला, पस्तिशीचा झाला. लग्न झालं, मुलं झाली. बरोबरीच्या मुलांनी कधीच बूट काढून ठेवले होते. प्रवीणचे बूट मात्र झिजतच होते.

इथे थोडं थांबतो, कारण मला तुमच्याशी एक बोलायचं आहे. अशा गोष्टी सांगून झाल्या की आपण मोठी माणसं लगेच म्हणतो, "बघा, मेहनत केली की फळ मिळतंच!" मला हे वाक्य तितकंसं पटत नाही. का, ते सांगतो. पद्माकर शिवलकर हे मुंबईचे डावखुरे फिरकी गोलंदाज. प्रथम श्रेणीच्या सामन्यांत त्यांनी ५८९ बळी घेतले. १९७२-७३ च्या रणजी अंतिम सामन्यात तमिळनाडूविरुद्ध त्यांनी एका डावात १६ धावांत ८ आणि दुसऱ्या डावात १८ धावांत ५ बळी टिपले. तरीही भारताकडून ते एकही कसोटी खेळले नाहीत. कारण त्याच काळात बिशनसिंग बेदी नावाचा तसाच डावखुरा आणि जगात नावाजलेला फिरकी गोलंदाज भारतीय संघात होता. हरियाणाचे राजिंदर गोयल यांचंही तेच झालं. रणजीत सर्वाधिक, ६३७ बळी, पण कसोटी नाही. २०१७ साली भारतीय क्रिकेट मंडळाने या दोघांना सी. के. नायडू जीवनगौरव पुरस्कार दिला. गोयल २०२० मध्ये गेले, शिवलकर २०२५ च्या मार्चमध्ये. आता सांगा, त्यांची मेहनत कमी पडली का? मुळीच नाही.

आणि अमेरिकेतली एक गोष्ट तर याहून बोचरी आहे. तिकडे क्रिकेटऐवजी बेसबॉल खेळतात. त्यात चेंडू टाकणाऱ्याला पिचर म्हणतात, आपल्या गोलंदाजासारखाच. सॅचेल पेज हा असाच एक पिचर, जन्म १९०६ चा. त्याच्या काळातल्या उत्तमातल्या पिचरांमध्ये त्याची गणना व्हायची. पण तो काळ्या वर्णाचा होता आणि मोठ्या लीगमध्ये काळ्या खेळाडूंना घेतच नसत. मग हा बिचारा गावोगाव फिरला. आज या संघाकडून, उद्या त्या संघाकडून, जिथे बिदागी मिळेल तिथे. १९४७ साली जॅकी रॉबिन्सन या खेळाडूमुळे ती बंदी मोडली, आणि जुलै १९४८ मध्ये क्लीव्हलँडच्या संघाने पेजला घेतलं. त्याच दिवशी त्याला बेचाळीस वर्षं पूर्ण झाली होती! त्या वर्षी क्लीव्हलँडने अमेरिकेतली सर्वांत मोठी स्पर्धाही जिंकली. पण तरुणपणातली जी वर्षं त्याच्याकडून हिरावून घेतली गेली, ती काही त्याला परत मिळाली नाहीत.

प्रवीणला कुणी अडवलं नव्हतं. त्याची निवड होत नव्हती, एवढंच. या दोन गोष्टींत फरक आहे, आणि तो विसरू नये. पण वाट पाहणं मात्र तितकंच लांब.

आता २०१३ कडे येऊ. प्रवीण तेव्हा नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील संघाकडून खेळत होता. वीस षटकांच्या क्रिकेटमुळे एक बदल झाला होता. आयपीएलच्या संघांना चांगले फिरकी गोलंदाज हवे होते, आणि ते शोधायला त्यांची माणसं रणजीच्या यादीपलीकडेही बघू लागली होती. राजस्थान रॉयल्स हा संघ तर नाव नसलेले खेळाडू हुडकण्यात पटाईत. त्यांनी प्रवीणला घेतलं. तोपर्यंत तो एकही रणजी सामना खेळलेला नव्हता. वय एक्केचाळीस. आयपीएलमध्ये पदार्पण करणारा सगळ्यांत वयस्क खेळाडू! संघाचा कर्णधार राहुल द्रविड. तोही प्रवीणपेक्षा सव्वा वर्षाने लहान.

आता तुम्हाला वाटेल, पहिल्याच सामन्यात त्याने पाच बळी घेतले असतील. सिनेमात तसंच होतं ना? प्रत्यक्षात त्या मोसमात तो तीन सामने खेळला आणि त्याला एकही बळी मिळाला नाही. लोकांनी म्हटलंही असेल, "बरोबर आहे, वय झालं."

मग आला सप्टेंबर. चॅम्पियन्स लीग नावाची स्पर्धा तेव्हा होत असे, निरनिराळ्या देशांतल्या अव्वल संघांची. (ती २०१४ नंतर बंद झाली.) तिच्यात प्रवीणची लेगस्पिन कुणाला उमगेना. उपांत्य सामना महेंद्रसिंग धोनीच्या चेन्नई सुपर किंग्जशी. प्रवीणने चार षटकं टाकली, फक्त दहा धावा दिल्या आणि तीन बळी घेतले. पाच सामन्यांत १२ बळी! स्पर्धेतल्या सर्वोत्तम गोलंदाजाचा पुरस्कार त्यालाच मिळाला.

अंतिम सामना होता ६ ऑक्टोबर २०१३ ला दिल्लीत, मुंबई इंडियन्सशी. मुंबईने दोनशेच्या वर धावा केल्या, आणि त्या धुवाधार माऱ्यातही प्रवीणच्या चार षटकांत निघाल्या फक्त एकोणीस. राजस्थान तो सामना हरलं. पण मला त्या सामन्याची दुसरीच गोष्ट फार आवडते. वीस षटकांच्या क्रिकेटमधला तो सचिनचा शेवटचा सामना होता आणि द्रविडचाही. दोघे चाळिशीचे. सगळं मिळवून, टाळ्यांच्या गजरात निघालेले. आणि त्याच मैदानावर, दोनच दिवसांनी बेचाळीस पूर्ण करणारा एक मुलुंडकर नुकताच कुठे सुरुवात करत होता!

त्याच मोसमात मुंबईच्या रणजी संघाचं दार उघडलं. ज्या टोपीसाठी वीस वर्षं वाट पाहिली, ती बेचाळिसाव्या वर्षी डोक्यावर आली. प्रथम श्रेणीचे तो दोनच सामने खेळला. दोनच! पण ते दोन आकडेवारीत कायम आहेत, कुणी पुसू शकत नाही.

पुढच्या वर्षीचा किस्सा तर तुम्ही मित्रांना कोडं म्हणून घालू शकता. ५ मे २०१४, अहमदाबाद. समोर कोलकाता नाइट रायडर्स. त्यांना जिंकायला १७१ धावा हव्या होत्या आणि धावफलक होता बिनबाद १२१. म्हणजे सामना जवळजवळ संपलाच! तेवढ्यात शेन वॉटसनने एका षटकात तीन बळी घेतले. पुढचं षटक प्रवीणचं. पहिलाच चेंडू गुगली, आणि तोही वाइड. मनीष पांडे पुढे आला, फसला, आणि यष्टिरक्षक संजू सॅमसनने त्याला यष्टिचीत केलं. मग युसूफ पठाण. प्रवीणने स्वतःच्याच गोलंदाजीवर त्याचा झेल पकडला. मग रायन टेन डोशाटे पायचीत. हॅटट्रिक! बिनबाद १२१ वरून ६ बाद १२३. राजस्थानने तो सामना दहा धावांनी जिंकला आणि सामनावीर ठरला प्रवीण.

आता कोडं असं : दोनच वैध चेंडूंत हॅटट्रिक कशी होईल? उत्तर मिळालं का? वाइड चेंडू षटकात मोजत नाहीत, पण वाइडवर फलंदाज यष्टिचीत झाला तर तो बळी गोलंदाजाच्या नावावर लागतो! म्हणून लागोपाठ तीन बळी, पण मोजलेले चेंडू दोन. बाबांनाही विचारून बघा, किती जणांना येतं ते.

यानंतर प्रवीण २०१६ मध्ये गुजरात लायन्सकडून खेळला. २०१७ मध्ये सनरायझर्स हैदराबादने त्याला घेतलं, पण एकाही सामन्यात उतरवलं नाही. बाकावर बसून मोसम गेला. आयपीएलचा त्याचा एकूण हिशेब ३३ सामने आणि २८ बळी. फार मोठा आकडा नाही, हे मोकळेपणाने सांगायला हवं. डिसेंबर २०१९ च्या लिलावात अठ्ठेचाळीस वर्षांच्या प्रवीणला कोलकात्याने वीस लाखांना घेतलं, तेव्हा पुन्हा सगळे चकित झाले. पण तो परवानगी न घेता परदेशातल्या दहा षटकांच्या स्पर्धेत खेळला होता, आणि भारतात खेळत असलेल्या खेळाडूला तसं करता येत नाही. क्रिकेट मंडळाने त्याला आयपीएल खेळू दिलं नाही. नियम सगळ्यांना सारखा. यात मंडळाचं चुकलं असं मला वाटत नाही, पण वाईट मात्र वाटलं.

पालक हो, आता तुमच्यासाठी थोडंसं. शिबिराच्या शेवटी संघ जाहीर होतो, तेव्हा यादीत पंधरा नावं असतात आणि मैदानाबाहेर साठ पालक उभे असतात. घरी जाताना स्कूटरवर मागे बसलेलं पोर गप्प असतं, आणि आपण म्हणतो, "बास झालं आता, अभ्यासाला लाग." अभ्यास हवाच, मी शिक्षक आहे, मी दुसरं काय सांगणार! प्रवीणनेही पोटासाठी नोकरी केलीच. पण नाव यादीत नाही म्हणून रविवारचं खेळणंसुद्धा बंद करायचं, हे मात्र मला कळत नाही. आयपीएलचा फोन आला नसता, तर प्रवीणची ती तेवीस वर्षं वाया गेली असं म्हणायचं का? त्या वर्षांत तो कशाची तरी वाट बघत नुसता बसला नव्हता. तो दर आठवड्याला गोलंदाजी करत होता, फलंदाज बाद करत होता, सामने जिंकत होता, हरत होता. ते खरंखुरं क्रिकेटच होतं. फक्त तिथे कॅमेरा नव्हता.

बरं, २०२० मध्ये आयपीएल हुकलं म्हणून प्रवीण घरी बसला का? छे! ऑगस्टमध्ये तो थेट वेस्ट इंडीजमधल्या त्रिनिदादला पोचला. करोनाची साथ चालू होती, मैदानं रिकामी होती. तिथल्या कॅरिबियन प्रीमियर लीगमध्ये ट्रिनबॅगो नाइट रायडर्स या संघाकडून तो खेळला. त्या स्पर्धेत खेळणारा पहिला भारतीय! आणि पहिल्याच चेंडूवर काय झालं, सांगा बरं? अफगाणिस्तानचा नजीबुल्ला झादरान बाद! प्रवीणने दोन्ही हात पसरले आणि विशीतल्या पोरासारखा पळत सुटला. त्या वर्षी तो संघ एकही सामना न हरता विजेता ठरला. पुढे प्रवीण कोलकाता संघाच्या मार्गदर्शकांच्या चमूत गेला आणि तरुण खेळाडूंबरोबर नेटमध्ये उतरू लागला.

२०२२ मध्ये त्याच्यावर 'कौन प्रवीण तांबे?' हा हिंदी चित्रपट आला. श्रेयस तळपदेने त्यात प्रवीणचं काम केलं आहे. सुट्टीत घरच्यांबरोबर जरूर पाहा. चित्रपट म्हटला की थोडं मीठ-मसाला असतोच, तेव्हा त्यातलं सगळंच जसंच्या तसं घडलं असं मात्र समजू नका.

आणि पावसाळ्यात कधी रविवारी मुंबईला गेलात, तर सीएसएमटीला उतरून चालत आझाद मैदानावर जा. पाच-सात मिनिटांचा रस्ता आहे. छत्री न्या. कुंपणापाशी उभं राहिलं की कांगा लीगचे सामने फुकट बघायला मिळतात. तिथे चिखलात माखलेला एखादा पांढऱ्या केसांचा गोलंदाज दिसला, तर त्याचं एक अख्खं षटक बघा. चेंडू कुठल्या बोटातून सुटतो, तिकडे नीट लक्ष द्या.